चौथ्या सर्गातल्या सात ओळी

त्या वर्षी वसईच्या मासळीबाजारात सकाळी दोन प्रश्न हमखास ऐकू येत. बोंबील आजचे की कालचे, आणि राणीचं पुढे काय झालं.

राणी म्हणजे एरिमोना. दोन हजार वर्षांपूर्वी ग्रीक भाषेत रचलेल्या ‘द्वीपगाथा’ नावाच्या महाकाव्यातली. उभ्या जगात पन्नासेक विद्वानांपलीकडे जिला कुणी ओळखत नव्हतं, तिच्या काळजीने आता फिलोमेनाबाय कोळणीला चहा गोड लागत नव्हता. कारण रोज सकाळी आठला मोबाइलवर ‘आजच्या ओळी’ येत, कधी तीस, कधी चाळीस. त्यांच्या पुढची ओळ जगात कुणालाच ठाऊक नसे. ज्यांनी ती वाचून काढायची, त्यांनाही नसे.

“सर, त्या मेल्या दिराने काडली का हो तिला भायेर?” सुरमईच्या तुकड्या करता करता फिलोमेनाबायने विचारलं.

“अजून तरी नाही. उद्या कळेल,” प्राध्यापक बस्त्याव परेरा म्हणाले.

“तुमाला म्हायती हाय. सांगत नाय तुमी.”

परेरासर हसले. चौऱ्याहत्तर वर्षांचा हा माणूस ‘आजच्या ओळीं’चं मराठी भाषांतर करत असे, त्यामुळे पुढचं सगळं त्यांच्या खिशात असणार अशी अख्ख्या बाजाराची खात्री होती. पोरवयात सेमिनरीत धर्मगुरू व्हायला गेले, तिथे लॅटिन आणि ग्रीक शिकले, मग धर्मगुरू व्हायचं राहिलं आणि ग्रीक तेवढं अंगाला चिकटलं. चाळीस वर्षं ते या एका महाकाव्याच्या मागे होते. गावात त्यांना ‘ग्रीकवाले सर’ म्हणत. त्यात आदर किती आणि थट्टा किती, हे सांगणाऱ्यालाही सांगता आलं नसतं.

चाळीस वर्षं महाकाव्य म्हणजे होतं तरी काय, तर इजिप्तच्या वाळूत सापडलेले काही फाटके कागद. मग इटलीत, ज्वालामुखीच्या राखेखाली गाडलेल्या एका घरात, जळून कोळसा झालेल्या गुंडाळ्या मिळाल्या. एकीत अख्खी ‘द्वीपगाथा’ होती. पण गुंडाळी उलगडायला जावं तर हातात भुकटी येणार. तिथे भस्मवाचक कामी आला. हे यंत्र गुंडाळीला हात न लावता क्ष-किरणांनी आतल्या प्रत्येक पदराचं चित्र घ्यायचं आणि शाईने कागदाचा पोत जिथे किंचित बदलला असेल तिथे अक्षर ओळखायचं. शाईही काजळीची आणि कागदही जळलेला, म्हणजे काळ्यावर काळं. जिथे पोत बोलत नाही तिथे यंत्र आपल्या भाषाज्ञानाचा आधार घेई. त्या कवीची बोली, तो छंद, मागचेपुढचे शब्द, यांवरून इथे काय असू शकेल याचा अदमास घेई आणि मग त्या अदमासाला जुळणारा पोत सापडतो का ते पाही. यंत्राचं हे भाषाज्ञान ज्यांनी घडवलं त्यांच्यात पुण्याची डॉ. अबोली रेगे होती. परेरासरांची शेवटची विद्यार्थिनी.

त्या सकाळी सुरमई पिशवीत पडली आणि अबोलीचा फोन आला.

“सर, तुम्ही बसलेले आहात का?”

“मासळीबाजारात बसायला जागा मिळते का कुणाला? बोल.”

“चौथ्या सर्गातली फाटकी जागा वाचून झाली. सात ओळी आहेत. सर, तुमच्याच सात ओळी आहेत. शब्दन् शब्द.”

हे कळायला त्या जागेबद्दल दोन गोष्टी माहीत हव्यात. चौथ्या सर्गात राणीचा थोरला मुलगा समुद्रात बुडतो, प्रेत मिळत नाही. राणी एकटी किनाऱ्यावर जाते. इजिप्तचा कागद नेमका तिथे फाटलेला. पुढच्या तुकड्यात ती रिकामं भांडं घेऊन परत येते. भांड्यात काय होतं, यावर विद्वानांनी शंभर वर्षं घसा कोरडा केला होता. कुणी म्हणे मद्य, कुणी म्हणे तेल.

दुसरी गोष्ट त्या धंद्यातल्या रिवाजाची. मूळ मजकूर फाटला असेल तिथे संपादकाला त्याच भाषेत, त्याच छंदात स्वतः ओळी रचायला मुभा असते. अट एवढीच की त्या चौकोनी कंसात घालायच्या. कंसातलं बोलणं कवीचं नसून प्राध्यापकाचं आहे, हे सगळे ओळखून असतात. अशा रचनेला ‘भरणी’ म्हणतात. परेरासरांनी तरुणपणी आपल्या प्रबंधात त्या जागी सात ओळींची भरणी केली होती. राणी विहिरीचं गोडं पाणी भांड्यात भरून नेते आणि डाव्या हाताने समुद्रात ओतते, कारण खाऱ्या पाण्यात बुडालेल्याला तहान लागते आणि तिथे त्याला प्यायला कुणी देत नाही.

आणि आता राखेतून तेच निघालं होतं.

“काय जालं, सर? वाईट बातमी काय?” फिलोमेनाबाय उठून उभी राहिली होती.

“नाही, नाही. राणीने समुद्राला गोडं पाणी पाजलं.”

बाईने ओला हात पदराला पुसला. “पोराला पाजलं, सर. समुद्राला कशाला पाजील?”

सरांच्या डोळ्यांत पाणी आलं. भर बाजारात, पिशवी धरून, ते लहान मुलासारखे रडले आणि त्यांना त्याची जराही लाज वाटली नाही.

पुढचे दोन महिने त्यांना श्वास घ्यायला फुरसत नव्हती. सातच्या सात ओळींची भरणी जशीच्या तशी खरी ठरल्याचं कुणाच्या ऐकिवात नव्हतं. परदेशातून बोलावणी आली. ज्यांनी एकेकाळी ही भरणी ‘भावुक’ म्हणून मोडीत काढली होती, त्यांनीही लांबलचक अभिनंदनं पाठवली. चर्चमध्ये रविवारच्या मिस्सानंतर फादरांनी त्यांना पुढे बोलावून शाल घातली. वर्तमानपत्रांनी लिहिलं की हा माणूस दोन हजार वर्षांपूर्वीच्या कवीच्या मनात शिरला.

सर कुणाच्या मनात शिरले नव्हते. ते फक्त वसईच्या किनाऱ्यावर उभे होते, एक्कावन्न वर्षांपूर्वी, पांढऱ्या झग्यात.

त्यांचा थोरला भाऊ पास्कू वादळात होडीसकट गेला. सापडला नाही. सेमिनरीतून रजा घेऊन ते घरी आले तेव्हा आई, कतरीनबाय, रोज संध्याकाळी विहिरीवरून तांब्या भरून किनाऱ्यावर जायला लागली होती. उजव्या हाताची बोटं पूर्वी दोरखंडात सापडून निकामी झालेली, म्हणून डाव्या हाताने ती पाणी लाटेत ओतायची. पोरं मागून ओरडायची. बायका तोंडाला पदर लावायच्या. कुणी म्हणालं भूत लागलं, कुणी म्हणालं होणाऱ्या पाद्र्याच्या घरात हे काय चाललंय. तेवीस वर्षांच्या बस्तूला ते फार लागलं. आठव्या दिवशी तो तिच्या मागोमाग गेला आणि सगळ्यांच्या देखत तिच्या हातातला तांब्या काढून घेतला.

“बस्तू, माज्या पोराला तान लागली आसल रं,” ती म्हणाली. “खाऱ्या पान्यात त्याला कोन देनार?”

“आय, पुरे. लोक हसतात.”

ती पुन्हा गेली नाही. पुन्हा फारसं बोललीही नाही, आणि वर्षाच्या आत गेली. त्यानंतर बस्त्यावने झगा उतरवून ठेवला. आठ वर्षांनी बेल्जियमच्या एका थंडगार ग्रंथालयात त्या फाटक्या जागेपाशी आल्यावर भरणी त्याने शोधली नाही. ती हातातून उतरली. घरी जे बोलता आलं नाही ते मेलेल्या भाषेत, कंसात घालून, त्याने बोलून टाकलं.

म्हणून त्या सकाळी ते रडले. आपण विद्वान ठरलो याचं त्यांना फारसं काही नव्हतं. आई वेडी नव्हती, हे आता लिहिलेलं सापडलं होतं. दोन हजार वर्षांपूर्वी दुसऱ्या एका बेटावर दुसऱ्या एका आईने तेच केलं होतं आणि कवीने तिला हसण्याऐवजी सात ओळी दिल्या होत्या.

आणि लोकही हसत नव्हते. महिन्याभरात कुठल्या कुठल्या किनाऱ्यांवरून चित्रफिती यायला लागल्या. ज्यांचे नवरे, मुलगे, भाऊ समुद्रात गेले होते त्या बायका बाटलीने, कळशीने, पेल्याने गोडं पाणी ओतत होत्या. हर्णैहून सकीना मुकादम यांचं पत्र आलं. त्यांचा मुलगा अझीम मालवाहू जहाजावर नोकरीला होता, तीन वर्षांपूर्वी जहाज बुडालं. ‘मी रोज पाणी घालते,’ त्यांनी लिहिलं होतं. ‘घरचे म्हणतात असलं काही आपल्यात नाही. मी त्यांना तुमच्या भाषांतराचं कात्रण दाखवते. म्हणते, बघा, मी एकटी नाही, ही जुनी गोष्ट आहे. मग गप्प बसतात. अल्लाह तुमचं भलं करो.’ हे पत्र सरांनी बायबलमध्ये ठेवलं.

माशी शिंकली ती डाव्या हातावरून.

राणी पाणी डाव्या हाताने का ओतते, यावर विद्वानांनी लिहायला सुरुवात केली होती. मृतांचं जग डावीकडे असतं म्हणून, असा एक निबंध आला. राणीने उजवा हात सूडासाठी राखून ठेवला आहे, असा दुसरा. तिसऱ्यात तर भूमध्य समुद्रापासून हिंदी महासागरापर्यंत पसरलेल्या एका लुप्त विधीचा नकाशाच होता. सर मजेत वाचत बसले होते आणि वाचता वाचता त्यांनी निबंध बाजूला ठेवला.

तहानेचं ठीक होतं. जगातल्या कुठल्याही आईला बुडालेल्या पोराची तहान सुचू शकते. पण डावा हात? तो हात कतरीनबायचा होता. तिची बोटं एका विशिष्ट दुपारी एका विशिष्ट होडीच्या दोरखंडात सापडली होती, म्हणून तो डावा होता. दुसरं काहीही कारण नव्हतं.

त्यांनी अबोलीला फोन लावला.

“यंत्राला माझी भरणी ठाऊक होती का?”

“सर, कसं शक्य आहे?” ती जवळजवळ दुखावली. “ते आम्ही सगळ्यात आधी पाहिलं. ‘द्वीपगाथे’ची एकूण एक आवृत्ती, तुमचा प्रबंध, त्यावरचे लेख, सगळं बाजूला काढलं होतं. यंत्राला फक्त बाकीचं ग्रीक दिलं. मी स्वतः यादी तपासली.”

सरांना हायसं वाटलं. चार दिवस टिकलं. पाचव्या दिवशी ते सातव्या सर्गाचं भाषांतर करत होते. विहिरीच्या पाण्याला कवीने वापरलेला शब्द जरा वेगळा होता, म्हणून त्यांनी मोठा ग्रीक कोश काढला. या कोशात प्रत्येक शब्दापुढे तो कुठल्या जुन्या ग्रंथात कसा आला आहे याची उदाहरणं असतात. नव्या आवृत्तीत त्या शब्दाखाली उदाहरण होतं: द्वीपगाथा, सर्ग चार. आणि पुढे त्यांचीच ओळ. कंस गळालेला.

कोशकाराने प्रबंध चाळताना ओळ उचलली होती आणि घाईत कंस मागे राहिला होता. प्राध्यापकाचं बोलणं कवीच्या नावावर गेलं होतं. सर पानं उलटत गेले. ‘तहान’खाली एक तुकडा होता. ‘डावा’खाली होता. ‘ओतणे’खाली होता. सात ओळी अकरा शब्दांखाली वाटल्या गेल्या होत्या आणि जुळवल्या तर एक अक्षर कमी पडत नव्हतं.

ते दुसऱ्याच दिवशी पुण्याला गेले. अबोलीने कोशातली अकराही उदाहरणं एकामागून एक काढून पाहिली.

“कोश कुणी वगळत नाही, सर,” शेवटी ती म्हणाली. “कोश म्हणजे भाषा. तो दिल्याशिवाय यंत्राला ग्रीक येणार कसं?”

“तुझी चूक नाही म्हणत मी. पण तुझ्या यंत्राने राख वाचली की मला वाचलं?”

“पोत जुळला होता. सत्तर टक्के.”

“काळ्यावर काळं, अबोली. ज्याला जे दिसायला हवंय ते त्याला दिसतं. मला नाही का दोन महिने दिसलं?”

ती खिडकीशी जाऊन उभी राहिली. भस्मवाचकाने वाचलेल्या आणखी चार गुंडाळ्या जाहीर व्हायच्या होत्या. ही एक जागा संशयात आली की सगळ्यांवर शिंतोडे उडणार होते, आणि पहिले तिच्यावर. तिला हे कळत होतं, सरांनाही कळत होतं. सरांच्या मनात तर पापच आलं. ती जागा पुन्हा वाचायला ती नाही म्हणू दे, म्हणजे आपण निमूट घरी जाऊ.

“तुम्ही मला पहिल्या तासाला काय शिकवलं होतं आठवतं?” ती वळून म्हणाली. “कंस हा संपादकाचा प्रामाणिकपणा असतो. मी कोशातून ती अकरा उदाहरणं काढते आणि तेवढी जागा नव्याने वाचून घेते. आठवडा लागेल.”

तो आठवडा सरांनी कसा काढला ते त्यांनाच ठाऊक. भाषांतर तेवढं वेळेवर पाठवत होते. बाजारात जाणं त्यांनी टाळलं. आयुष्यात पहिल्यांदा ते एका यंत्रासाठी प्रार्थना करत होते, आणि काय मागायचं ते नक्की ठरत नव्हतं. ओळी पुन्हा आल्या तर आई सुटणार होती. नाही आल्या तर ती पुन्हा त्या किनाऱ्यावर एकटी उभी राहणार होती, मागे पोरं ओरडत असताना.

आठव्या दिवशी अबोली स्वतः वसईला आली आणि तिने एक कागद पुढे ठेवला. सात ओळींच्या जागी रिकाम्या रेघा होत्या. पहिल्या ओळीत ‘समुद्र’ आणि पाचवीत बहुधा ‘आई’. बाकी यंत्राने प्रामाणिकपणे लिहिलं होतं: वाचता येत नाही.

“म्हणजे तुमच्या ओळी तिथे नाहीत असंही नाही, सर,” ती घाईने म्हणाली. “असतीलही. ती जागा फार जळली आहे. कधीच कळणार नाही.”

“कधीच नाही?”

“नाही.”

सरांनी त्या कागदावर हात ठेवला. मग त्यांनी तिला पास्कूबद्दल सांगितलं, आईबद्दल सांगितलं आणि तांब्याबद्दलही सांगितलं. पन्नास वर्षांत त्यांनी हे बायकोलाही सांगितलं नव्हतं. ती बिचारी गेली तेव्हाही तिला एवढंच ठाऊक होतं की नवऱ्याला समुद्रावर फिरायला आवडत नाही. अबोली ऐकत राहिली. मध्येच तिने त्यांचा हात धरला आणि मग सोडला नाही.

“आता काय करायचं, सर? त्या बायका... हजारो आहेत.”

“चूक जाहीर करायची. दुसरं काय करणार? सात ओळींना कंस घालायचा. पण टीप मी लिहितो.”

टीप पाच वाक्यांची झाली. या ओळी कवीच्या असल्याचा पुरावा नाही. त्या बस्त्याव परेरा याने रचल्या आणि कोशातल्या चुकीमुळे यंत्राने त्या वाचल्या. ओळींतली कृती मात्र कल्पित नाही. ती वसई येथील कतरीन परेरा या कोळी स्त्रीने केली, आणि ती करताना तिला पाहणारा साक्षीदार हयात आहे. तिचा उजवा हात अधू होता म्हणून पाणी डाव्या हाताने ओतलं आहे.

एवढी टीप विद्वानांना पुरेशी होती. सकीनाबाईंना ती वर्तमानपत्रातून कळू नये म्हणून सरांनी त्यांना आधीच पत्र लिहिलं. तीनदा फाडलं. शेवटी साधंच लिहिलं. ‘बाई, मी तुम्हाला जे जुनं म्हणून दिलं ते जुनं नाही. ग्रीक राणीचं मला माहीत नाही आणि कुणालाच कळणार नाही. पण एक बाई हे करत होती, एवढं मी डोळ्यांनी पाहिलं आहे. ती माझी आई होती. ती वेडी नव्हती. तुमच्या घरच्यांना कात्रणाऐवजी हे पत्र दाखवा.’ खाली सही केली, पत्ता घातला.

टीप प्रसिद्ध झाली आणि व्हायचं ते झालं. शाल घालणारे फादर रस्त्यात भेटले तर हवापाण्याचं बोलू लागले. तिसऱ्या निबंधाच्या कर्त्याने नकाशा मागे घेतला, तोही कुरकुरत. अबोलीला चौकशी समितीपुढे उभं राहावं लागलं आणि ती सरळ उभी राहिली. ‘आजच्या ओळी’ रोज आठला येतच राहिल्या, पण आता त्यांच्यात कंस दिसू लागले, एकेका दिवशी तर ओळींपेक्षा कंसच जास्त.

सर पुन्हा बाजारात गेले तेव्हा फिलोमेनाबायने त्यांना बराच वेळ न्याहाळलं. “कतरीनबायला माजी सासू वळखायची,” ती म्हणाली, आणि पिशवीत दोन बोंबील जास्त टाकले.

सकीनाबाईंचं उत्तर यायला तीन आठवडे लागले. सरांनी ते दारातच उघडलं. त्या रागावल्या नव्हत्या. त्यांनी लिहिलं होतं की राणीपेक्षा त्यांना कोळीण जवळची वाटली. राणीच्या हातात भांडं द्यायला दहा दासी असतात, विहिरीवरून ते स्वतः आणणारी बाई वेगळी. पत्र त्यांनी घरी वाचून दाखवलं. थोरला मुलगा, अझीमचा भाऊ, तेवढा उठून गेला. त्याला लोकांची लाज वाटते. कालच म्हणाला, अम्मी, आता बस कर.

‘म्हणून तुम्हालाच विचारते,’ खाली लिहिलं होतं. ‘तुम्ही स्वतः पाहिलंत, तुम्हाला ठाऊक असणार. माझ्याने तर थांबवत नाही. तुमच्या आईने पाणी घालणं कधी थांबवलं? आणि कशाने थांबली ती?’

परेरासर दारातच उभे राहिले. मग आत जाऊन टेबलाशी बसले, कोरा कागद समोर ओढला, वरती तारीख घातली आणि ‘प्रिय सकीनाबाई’ असं लिहिलं.